भूतकाळात गेलात, तरी तो बदलता येईल का? काय आहे 'नोविकोव्ह नियम'?

३० सप्टेंबर १९९३. पहाटे ३ वाजून ५६ मिनिटं. आदल्या रात्री गणपती विसर्जन झालेलं, गावं गाढ झोपेत. अशात लातूर जिल्ह्यातल्या किल्लारी परिसरात भूकंप झाला आणि दगड-मातीच्या जाड भिंतींखाली हजारो माणसं गेली.

समजा, तुमच्या हाती टाइम मशीन लागलं. एक दिवस आधी किल्लारीत जाऊन तुम्ही लोकांना घराबाहेर काढू शकाल का?

प्रश्न सिनेमातला वाटतो. पण भौतिकशास्त्रज्ञांनी त्यावर खरोखर गणितं मांडली आहेत आणि त्यातलं एक उत्तर भलतंच विचित्र आहे.

आधी भानगड समजून घ्या

तुम्ही गेलात, सगळ्यांना वाचवलं. मग किल्लारीची दुर्घटना घडलीच नाही. ती घडलीच नाही, तर तुम्हाला मागे जायचं कारणच उरलं नाही. आणि तुम्ही गेलाच नाहीत, तर लोकांना वाचवलं कुणी?

यालाच टाइम ट्रॅव्हलचा पॅराडॉक्स म्हणतात. त्याचं प्रसिद्ध रूप म्हणजे भूतकाळात जाऊन स्वतःच्याच आजोबांना मारणारा नातू.

बरं, भूतकाळात जाणं ही फक्त लेखकांची कल्पना आहे असंही नाही. १९४९ मध्ये गणितज्ञ कुर्ट गोडेल यांनी आइनस्टाइनच्याच समीकरणांतून असं एक विश्व मांडून दाखवलं, जिथे पुढे पुढे जाणारा प्रवासी आपल्याच भूतकाळात पोहोचतो. आपलं विश्व तसं नाही. पण समीकरणं त्याला सरळ 'नाही' म्हणत नाहीत, हे तेव्हा कळलं.

रशियन शास्त्रज्ञाचं उत्तर

१९८० च्या दशकात इगोर नोविकोव्ह यांनी एक नियम मांडला. भूतकाळात जाता आलं, तरी तिथे तेच घडेल जे इतिहासाशी जुळतं. विसंगती निर्माण करणारी घटना घडण्याची शक्यता शून्य.

म्हणजे नातवाच्या हातातली बंदूक अडकेल, नेम चुकेल किंवा गोळी भलत्यालाच लागेल. कुणी देवदूत येऊन त्याला अडवणार नाही. साध्या भौतिक नियमांनीच सगळं जुळून येईल.

कॅरमच्या सोंगटीने समजून घेऊ

जोसेफ पोलचिन्स्की या शास्त्रज्ञाने या नियमाला आव्हान दिलं. त्यांनी उदाहरण बिलियर्डच्या चेंडूचं घेतलं होतं, आपण कॅरम घेऊ.

सोंगटी एका पॉकेटमध्ये जाते आणि समोरच्या पॉकेटमधून बाहेर येते, पण दोन सेकंद आधी! बाहेर आल्यावर ती स्वतःलाच जोरात धडकते. आता पहिली सोंगटी पॉकेटमध्ये जाणारच नाही. मग धडकली कोण?

१९९१ मध्ये एचेव्हेरिया, क्लिंकहॅमर आणि किप थॉर्न यांनी हे गणित सोडवलं. उत्तर असं की सोंगटी जोरात धडकत नाही, फक्त चाटून जाते. त्या हलक्या धक्क्याने पहिल्या सोंगटीची दिशा किंचित बदलते, पण ती पॉकेटमध्ये जातेच. आणि दिशा बदलल्यामुळेच बाहेर येताना ती थेट न धडकता चाटून जाते. वर्तुळ पूर्ण, विसंगती गायब. एवढंच नाही, तर अशी जुळणारी उत्तरं एक नव्हे, असंख्य निघाली.

मग माणसाच्या इच्छेचं काय?

सोंगटीला मन नसतं, माणसाला असतं. २०२० मध्ये ऑस्ट्रेलियाच्या क्वीन्सलँड विद्यापीठातले जर्मेन टोबार आणि फॅबियो कोस्टा यांनी गणिताने दाखवलं की प्रवाशाला निवडीचं स्वातंत्र्य असूनही विसंगती टाळता येते. त्यांचं उदाहरण कोरोनाचं होतं. तुम्ही पहिल्या रुग्णाला लागण होण्यापासून वाचवलं, तर त्या धडपडीत तुम्हाला किंवा दुसऱ्या कुणाला लागण होईल. साथ येईलच.

आपल्याला ही गोष्ट नवीन नाही. आकाशवाणी खोटी ठरवण्यासाठी कंसाने देवकीला तुरुंगात टाकलं, आणि त्याच धडपडीतून आकाशवाणी खरी झाली.

किल्लारीला परत जाऊ

या नियमानुसार तुम्ही तिथे जाऊ शकता, ओरडून सांगूही शकता. पण १९९२ मध्येही त्या भागात लहान धक्के बसलेच होते. जमिनीने दिलेल्या इशाऱ्यातून जे कळलं नाही, ते एका अनोळखी माणसाच्या सांगण्याने किती जणांना पटेल?

समजा, एका कुटुंबाने तुमचं ऐकलं आणि ते अंगणात झोपलं. ते वाचेल. पण मग ते कुटुंब आजच्या वाचलेल्यांच्या यादीत आधीपासूनच असणार. म्हणजे 'काहीच करता येत नाही' असं हा नियम म्हणत नाही. तुम्ही जे काही केलंत, ते इतिहासात आधीच धरलेलं आहे, एवढंच तो सांगतो.

हे सगळ्यांना मान्य आहे का?

अजिबात नाही. स्टीफन हॉकिंग यांनी १९९२ मध्ये वेगळीच बाजू मांडली. निसर्गाचे नियम टाइम मशीन तयारच होऊ देणार नाहीत, असा त्यांचा कयास होता.

तिसरा पर्याय अनेक विश्वांचा. त्यासाठी जयंत नारळीकरांची 'गंगाधरपंतांचे पानिपत' ही कथा आठवा. तिच्यातले इतिहासाचे प्राध्यापक अशा जगात पोहोचतात, जिथे पानिपतची लढाई मराठ्यांनी जिंकलेली असते. तिथे आपला इतिहास पुसला जात नाही, दुसरा इतिहास शेजारी उभा असतो.

यातलं कोणतं उत्तर खरं, हे प्रयोगाने ठरलेलं नाही.

आणि याचा मराठवाड्याशी संबंध?

सोंगटीचं गणित सोडवणारे किप थॉर्न हे गुरुत्वीय लहरी पकडणाऱ्या लायगो प्रकल्पाच्या संस्थापकांपैकी एक. त्यासाठी त्यांना २०१७ चं नोबेल मिळालं. याच प्रकल्पाची भारतातली वेधशाळा, लायगो-इंडिया, नांदेडच्या शेजारच्या हिंगोली जिल्ह्यात औंढा नागनाथजवळ होणार आहे. केंद्रीय मंत्रिमंडळाने एप्रिल २०२३ मध्ये तिच्यासाठी २,६०० कोटी रुपये मंजूर केले. तिच्या दोन भुजा प्रत्येकी ४ किलोमीटरच्या असतील.

ते टाइम मशीन नाही. पण कोट्यवधी वर्षांपूर्वी कृष्णविवरं एकमेकांवर आदळली, त्याच्या लहरी तिथे टिपल्या जातील. भूतकाळ बदलता येतो की नाही हा वाद सुरूच राहील, तो ऐकण्याची सोय मात्र मराठवाड्यात होते आहे.