परिचारिकेचे हात आणि रक्ताचा एक थेंब

(थ्रेड)

१/ गडचिरोलीतील एखाद्या उपकेंद्रात परिचारिका बोटाला सुई टोचते, रक्ताचा थेंब द्रावणात सोडते आणि द्रावण गढूळ होते का ते पाहते. ही सिकलसेलची प्राथमिक चाचणी, म्हणजे रक्तातील आनुवंशिक दोषाचा शोध. चाचणी सोपी आहे. कठीण आहे तो पुढचा प्रश्न: मिळालेल्या उत्तराचे करायचे काय?

२/ या प्रश्नाचा इतिहास एका परिचारिकेच्याच हातांपासून सांगता येतो. १८८९-९० चा हिवाळा, बाल्टिमोरचे जॉन्स हॉपकिन्स रुग्णालय. शस्त्रक्रियागृहातील परिचारिका कॅरोलिन हॅम्प्टन यांच्या हातांना मर्क्युरिक क्लोराइडच्या जंतुनाशक द्रावणाने त्वचारोग जडला. शल्यविशारद विल्यम हॉल्स्टेड यांनी गुडइयर कंपनीकडून पातळ रबरी हातमोजे करवून घेतले. उपाय कामाच्या साधनावर झाला, माणसावर नव्हे.

३/ दुसरी वाट १९३८ मध्ये दिसली. जे. बी. एस. हॉल्डेन यांनी 'हेरेडिटी अँड पॉलिटिक्स' या ग्रंथात कुंभारकामातील श्वासनलिकादाहाचा विचार केला. धूळ सगळेच श्वासात घेतात, पण मृत्यू सगळ्यांना गाठत नाही. मग ज्यांची प्रकृती मुळात अशा रोगाला बळी पडणारी आहे, त्यांना ओळखून या धंद्यात येऊच न दिले तर? हेतू जीव वाचवण्याचा होता. पण येथे धूळ हटवायची की माणूस, हा पेचही जन्माला आला.

४/ तो पेच अमेरिकेत सिकलसेलच्या निमित्ताने उघडा पडला. १९७० च्या दशकाच्या आरंभी अनेक राज्यांनी कृष्णवर्णीयांसाठी ही चाचणी सक्तीची केली. वाहक म्हणजे सदोष जनुकाची एकच प्रत असलेली, एरवी बहुधा निरोगी व्यक्ती. तरीही वाहकांना हवाई दलाच्या अकादमीचे दार १९८१ पर्यंत बंद होते. पुढे २००८ च्या कायद्याने जनुकीय माहितीच्या आधारे नोकरी नाकारण्यास तेथे मनाई झाली.

५/ भारतात हा दोष १९५२ मध्ये निलगिरीच्या आदिवासींमध्ये आढळला. १९५८ मध्ये शुक्ला व सोळंकी यांनी मध्य भारतातील नोंद 'लॅन्सेट'मध्ये प्रसिद्ध केली. पूर्व विदर्भात तो आदिवासींपुरता मर्यादित नाही. अनुसूचित जाती व इतर मागासवर्गीय समाजांतही आहे. वाहकाला जीवघेण्या मलेरियापासून काही संरक्षण मिळते. मलेरियाग्रस्त प्रदेशांत हे जनुक टिकून राहिले, ते त्यामुळेच.

६/ २६ ऑगस्ट १९८२ रोजी चंद्रपूरमधून गडचिरोली जिल्हा वेगळा झाला. १९८६ मध्ये डॉ. अभय व डॉ. राणी बंग तेथे आले. 'सर्च' संस्थेच्या आरंभीच्या संशोधनात सिकलसेल होता. निष्कर्ष शास्त्रीयदृष्ट्या महत्त्वाचे होते, पण लोकांकडून प्रतिसाद आला नाही. हा प्रश्न संशोधकांचा होता, लोकांनी विचारलेला नव्हता, हा धडा डॉ. बंग यांनी पुढे अनेकदा सांगितला आहे.

७/ लोकांचे म्हणणे ऐकल्यावर आणखी एक गोष्ट उमगली. डॉक्टर आणि परिचारिका पांढऱ्या कपड्यांत वावरतात; आदिवासी मात्र पांढऱ्या वस्त्रात प्रेत गुंडाळतात. मग अशा वेशातील माणूस जीव वाचवील, यावर विश्वास कसा बसावा? शोधग्रामचा माँ दंतेश्वरी दवाखाना मोठ्या इमारतीऐवजी झोपड्यांच्या वस्तीसारखा उभा राहिला, तो याच ऐकण्यातून.

८/ चाचणीचे खरे ओझे परिचारिकेच्या खांद्यावर असते. दोन वाहकांचा विवाह झाल्यास प्रत्येक अपत्य रुग्ण असण्याची शक्यता २५ टक्के. हे सांगणे आवश्यकच. पण तोच निकाल गावात फुटला, तर निरोगी मुलीचे जुळलेले लग्न मोडू शकते. 'वाहक म्हणजे रुग्ण नव्हे' हे समजावणे आणि गुपित राखणे, ही दोन्ही कामे तिचीच. पहिले चुकले तर भय पसरते. दुसरे चुकले तर पुढच्या वेळी कोणी बोट पुढे करत नाही.

९/ १ जुलै २०२३ रोजी शहडोल येथून राष्ट्रीय सिकलसेल ॲनिमिया निर्मूलन अभियान सुरू झाले. ४० वर्षांपर्यंतच्या ७ कोटी लोकांची तपासणी आणि २०४७ पर्यंत निर्मूलन, हे त्याचे उद्दिष्ट. २०१६ च्या दिव्यांग हक्क कायद्यात सिकलसेल रुग्णांचा समावेश आहे. मात्र जनुकीय माहितीवरून नोकरी नाकारण्यास मनाई करणारा, अमेरिकेसारखा स्वतंत्र कायदा आपल्याकडे नाही. खाणी, वीजकेंद्र आणि सिमेंट कारखान्यांच्या चंद्रपूर जिल्ह्यात ही उणीव केवळ तात्त्विक राहत नाही.

१०/ आता पुन्हा परिचारिकेच्या हातांकडे. २००६ मध्ये फिलाग्रिन या जनुकातील दोषांचा एक्झिमाशी असलेला संबंध उघड झाला. हे प्रथिन त्वचेचा संरक्षक थर बांधते. ते कमी असेल, तर सतत हात धुण्याच्या कामात त्वचा लवकर फाटू शकते. म्हणजे दुसऱ्याचे रक्त तपासणारी परिचारिका स्वतःही उद्या अशा चाचणीचा विषय ठरू शकते.

११/ तेव्हा तिला सौम्य साबण, योग्य हातमोजे आणि मलम मिळेल, की 'हे काम तुम्हाला झेपणार नाही' असे पत्र? जनुक दोन्ही प्रसंगी तेच असेल. बाल्टिमोरमध्ये हातमोजे बदलले, कोलोराडोतील हवाई अकादमीत माणसे गाळली गेली. चाचणीने कोणती वाट घ्यावी, हे रक्ताचा थेंब सांगत नाही; ते नियम करणाऱ्यांना ठरवावे लागते, आणि ज्यांचे बोट टोचले जाते त्यांना विचारून.

(समाप्त)