कालप्रवाहातील व्यत्यय (कल्पित)

विज्ञानकथेतील एक कल्पना. भूतकाळातील क्षुल्लक घटना वेगळी घडली, तर पुढचा इतिहास पालटतो, हे तिचे गृहीतक. रे ब्रॅडबरी यांच्या ‘अ साउंड ऑफ थंडर’ (१९५२) या कथेत डायनोसॉरच्या शिकारीला गेलेल्या प्रवाशाच्या पायाखाली फुलपाखरू चिरडते. परतल्यावर त्याला शब्दांची स्पेलिंगे आणि निवडणुकीचा निकाल बदललेला आढळतो. सूक्ष्म फरकातून मोठी तफावत निर्माण होते, हे एडवर्ड लोरेन्झ यांनी १९६३ मध्ये हवामानाच्या गणिती प्रतिमानातून दाखवले. तरीही आक्षेप उरतोच : इतिहास इतका हळवा असेल, तर कोट्यवधी वर्षांनी तेच दोन उमेदवार, किंबहुना तो प्रवासी तरी, जन्माला कसा येतो?

जयंत नारळीकर यांच्या पानिपतावरील कथेत हा पेच टळतो. तेथे १७६१ मध्ये विश्वासरावांना गोळी चाटून जाते व मराठे जिंकतात. पण मूळ इतिहास पुसला जात नाही, त्याला समांतर जग उभे राहते. मग याला व्यत्यय का म्हणावे? कारण तो काळात नसला, तरी दोन्ही जगे पाहिलेल्या कथानायक गंगाधरपंतांच्या स्मृतीत घडतो. म्हणून या कल्पनेचे खरे मर्म घटनेपेक्षा तिच्या पडसादांत शोधावे लागते.