भिंतीवरची स्त्री आणि तारखांची पट्टी

मंगरूळपीर येथील एका जुन्या घराच्या माजघरांत रविवर्मा छापखान्याची एक लक्ष्मी मीं पाहिली. तिच्या छापील लुगड्यावर घरांतील कोणा बाईनें कधीं काळीं खरी जर आणि टिकल्या चिकटविल्या होत्या. बरोबरचे स्नेही म्हणाले, “हें सारें हलक्या हातानें काढलें, तर आंतलें मूळ चित्र मिळेल.”

हे गृहस्थ फ्रेंच अंतर्वस्त्रांच्या पेढ्यांनीं काढलेल्या जुन्या दिनदर्शिका जमवितात. नांव ऐकून वाचकानें नाक मुरडूं नये. मींही मुरडलें होतें. ओबाद ह्या पेढीनें १९९२ सालापासून मोहविण्याचे धडे अशा अर्थाच्या मथळ्याखालीं जीं कृष्णधवल छायाचित्रें प्रसिद्ध केलीं, त्यांतील कित्येक एर्वे लुईस ह्यांचीं आहेत. त्यांत चेहरा बहुधा दिसतच नाहीं. पाठीचा बांक, खांद्यावरून उतरणारा उजेड आणि विकावयाचें तें वस्त्र, एवढेंच. हें छायाप्रकाशाचें काम जाणत्या हाताचें आहे, ह्यांत मला शंका नाहीं.

आमच्याकडील कथा याच्या शंभर वर्षें आधींची. राजा रविवर्म्यानें १८९४ सालीं मुंबईस गिरगांवांत शिळाछापाचा कारखाना काढला. पुढें तो लोणावळ्याजवळ मळवलीस गेला आणि १९०३ सालीं श्लायशर नांवाच्या जर्मन तंत्रज्ञानें विकत घेतला. एकेका रंगास वेगळा दगड, रंगावर रंग अचूक बसविण्याची कसरत, आणि शेवटीं तैलचित्राची झांक यावी म्हणून रोगणाचा हात! संस्थानिकांच्या दिवाणखान्यांतील लक्ष्मी-सरस्वती ह्यामुळें सामान्यांच्या घरीं आल्या. शकुंतला आणि मोहिनीही त्यांच्याच सोबतीनें आल्या. पुढें साबण आणि औषधें विकणाऱ्यांनीं अशाच चित्रांखालीं तारखा छापून तीं फुकट वांटलीं. वर्ष सरलें कीं घरधनी तारखांची पट्टी कापी व चित्रास चौकट करी.

फ्रेंच चित्रांत वस्त्र हा विक्रीचा माल आहे. मंगरूळच्या लक्ष्मीला वस्त्र चढविलें तें पाहणारीनें, स्वतःच्या पेटींतलें. तें उतरविलें तर खालीं निघेल ती छापखान्याची एक प्रत. तशा कितीतरी असतील. ही मात्र एकच आहे. स्नेह्यांस मीं हें सांगितलें. त्यांना तें पटलें असें वाटत नाहीं. संग्राहकाला मूळ ह्या शब्दाचा फार मोह असतो.

मळवलीचा कारखाना १९७२ सालीं आगींत जळाला. पुढच्याच वर्षीं ‘कालनिर्णय’ निघालें आणि मराठी भिंतीवर चित्राची जागा तिथींच्या चौकटींनीं घेतली. योगायोगच, पण जिव्हारीं लागणारा.

अर्थात् स्नेह्यांना दोष देण्याचा अधिकार मला कितपत आहे, कोण जाणे. रघुवीर मुळगांवकरांच्या दिनदर्शिका मीं ऐन उमेदींत जमविल्या, तेव्हां चित्र ‘शुद्ध’ दिसावें म्हणून दुकानाचें नांव आणि तारखा कात्रीनें उडविल्या. त्या ललना आजही तशाच टवटवीत आहेत. त्या कोणत्या गांवच्या पेढीवरून, कोणत्या सालीं आल्या, हें मात्र आतां मला सांगतां येत नाहीं.