जावयाला हजर करा! पुण्यातलं १८२८ चं हेबिअस कॉर्पस

पोरीने मनाने लग्न केलं, घरच्यांनी तिला आणून कोंडलं, नवऱ्याने हायकोर्टात हेबिअस कॉर्पस टाकलं. कधी उलट, बापच टाकतो. अशा बातम्या आता नव्या नाहीत. पण मंडळी, सोयऱ्यांच्या भांडणातलं असलं एक जुनं प्रकरण आपल्या पुण्याचं आहे, आणि त्यात अडकलेली मुलगी नव्हती. जावई होता!

मोरो रघुनाथ. वय १४, लग्न झालेलं (तेव्हा तसंच व्हायचं). पेशवाई बुडून दहा वर्षं झाली होती. पोरगा पुण्यात चुलत आजोबा पांडुरंग रामचंद्र यांच्याकडे राहायचा. घराणं बडं. सासऱ्यांची तक्रार अशी की पोराला डांबून ठेवलंय, तब्येत ढासळतेय. ते गेले थेट मुंबईच्या सुप्रीम कोर्टात. हे आजचं दिल्लीचं नव्हे. १८२४ मध्ये मुंबईत सुरू झालेलं, इंग्लंडच्या राजाचं. कोर्टाने आजोबांवर रिट काढलं: मुलाला हजर करा.

घरातलं भांडण मग घरात राहिलं नाही. गव्हर्नर जॉन माल्कम भडकले. पुण्याच्या बड्या घरांना मुंबईच्या कोर्टात असं ओढलं तर कंपनी सरकारची पत काय राहील? रिट बजावू द्यायचं नाही, असं सरकारने ठरवलं. तीन न्यायाधीशांपैकी वेस्ट आणि चेंबर्स १८२८ मध्येच वारले. उरले एकटे जॉन पीटर ग्रँट, आणि माणूस हट्टी. हुकूम पाळत नाहीत म्हणून त्यांनी १ एप्रिल १८२९ ला कोर्टच बंद केलं. (एप्रिल फूल नाही, खरंच.) तिकडे लंडनहून लॉर्ड एलनबरोंनी माल्कमना खासगीत कळवलं की रानटी हत्तीला दोन पाळीव हत्तींमध्ये धरतात, तसे ग्रँटच्या दोन बाजूंना दोन नवे न्यायाधीश बसवतो. ते पत्र फुटलं, छापून आलं, बरीच नाचक्की झाली.

लंडनच्या प्रिव्ही कौन्सिलने १८२९ मध्ये कौल कंपनीच्या बाजूने दिला. मुंबईच्या हद्दीबाहेर राहणाऱ्या आणि कोर्टाच्या अधिकारात न येणाऱ्या माणसावर असं रिट निघणार नाही. राजा मोठा की कंपनी, यावर एवढी कागदं रंगली. चौदा वर्षांच्या मोरोला कुठे राहायचंय, हा प्रश्न त्यात मागेच पडला. मला या प्रकरणात खटकतं ते हेच.

१९५० पासून कलम २२६ मुळे हायकोर्टाचं रिट राज्यातल्या कुठल्याही वाड्यावर, वस्तीवर पोचतं. १९७६ मध्ये दिल्लीच्या नारी निकेतनमधल्या एका मुलीच्या प्रकरणात आजच्या सुप्रीम कोर्टाने सांगितलं की मुलगी सज्ञान असेल तर तिने कुणाबरोबर राहायचं यावर बंधन घालता येत नाही. बाप असो, सासरा असो की नवरा. नवऱ्यालाही हेबिअस टाकून बायको 'परत' मिळत नाही, हे आपल्याकडे अजून बऱ्याच जणांच्या डोक्यात शिरत नाही.

वय अठराच्या आत असेल तर मात्र कोर्ट मुलीचं हित बघतं, नुसती मर्जी नाही. म्हणून अशा केसमध्ये लग्नाच्या फोटोंच्या आधी जन्माचा नाहीतर शाळा सोडल्याचा दाखला लागतो.