‘एम्पोरियम’ शब्दाची कुळकथा

सन २०२२ च्या नोव्हेंबर महिन्यात कतार देशात फुटबॉलची विश्वचषक स्पर्धा भरली, तेव्हा इस्राएलमधून थेट दोहा शहरी जाणारी विशेष विमाने प्रथमच निघाली. उभय देशांत राजनैतिक संबंध नसतानाही प्रेक्षकांपुरती ही वाट मोकळी झाली होती. त्या दिवसांत देशोदेशींचे पाहुणे संध्याकाळी ज्या एका ठिकाणी लोटत असत, ते ठिकाण म्हणजे दोह्याचा जुना बाजार, ‘सूक वाकिफ’. मसाले, अत्तरे, कापड, सोने, पाळीव पक्षी आणि शिकारी ससाणे यांची दुकाने तेथे अरुंद बोळांतून दाटीने वसली आहेत.

आमच्या वाचकांना ‘सूक’ हा शब्द परका वाटण्याचे कारण नाही. येरुशलाईमच्या महाने येहुदा बाजारात भाजी घेताना आपण जो ‘शूक’ शब्द उच्चारतो, त्याचाच हा सख्खा भाऊ होय. परंतु इंग्रजी भाषेत अशा स्थळासाठी एक निराळा, भारदस्त आणि आता बोलण्यात क्वचितच येणारा शब्द आहे. तो म्हणजे ‘एम्पोरियम’. प्रस्तुत लेखात या शब्दाचा अर्थ, त्याचा वापर आणि त्याने केलेला प्रवास यांचा विचार करण्याचे आम्ही योजिले आहे. तो प्रवास आपल्या कोकणच्या किनाऱ्यास लागलेला आहे, आणि आपल्या समाजाच्या मूळकथेलाही तो स्पर्श करून जातो.

मुंबईत वाढलेल्या आमच्या पिढीला हा शब्द ठाऊक झाला तो दुकानांच्या पाट्यांवरून. खादी एम्पोरियम, साडी एम्पोरियम, हस्तकलेच्या वस्तूंचे सरकारी एम्पोरियम. लग्नाची खरेदी किंवा परदेशी निघालेल्या आप्तांसाठी भेटवस्तू घ्यावयाची झाली की मंडळी तिकडे वळत. त्यामुळे एम्पोरियम म्हणजे मोठे, टापटिपीचे दुकान, अशीच आपली समजूत झाली. ती चुकीची नाही, पण अपुरी आहे. सोळाव्या शतकाच्या अखेरीस हा शब्द इंग्रजीत आला, तेव्हा त्याचा अर्थ दुकान असा नव्हता. ज्या नगरात किंवा बंदरात दूरदूरच्या देशांचा माल येऊन पडतो आणि तेथून पुन्हा इतरत्र जातो, अशा व्यापाराच्या केंद्राला तो लावीत. पुढे मोठ्या दुकानांचे मालक आपल्या दुकानाला हेच बंदराचे नाव देऊ लागले आणि शब्द आखडत गेला. आज इंग्रज लेखक एखाद्या लहानशा दुकानाला एम्पोरियम म्हणतो, तेव्हा त्यात बहुधा थोडी थट्टा असते. इतिहासाच्या ग्रंथांत मात्र जुना अर्थ अद्याप शाबूत आहे. त्याचे अनेकवचन ‘एम्पोरिया’ असे लॅटिन वळणाने किंवा ‘एम्पोरियम्स’ असे इंग्रजी वळणाने होते. दोन्ही रूपे शुद्ध मानतात.

लॅटिनने हा शब्द ग्रीक भाषेतून घेतला. ग्रीकमध्ये ‘पोरोस’ म्हणजे वाट, पार जाण्याचा मार्ग. वाटेला लागलेला तो ‘एम्पोरोस’. येथे एक गोष्ट लक्षात ठेवण्याजोगी आहे. होमरच्या काव्यात एम्पोरोस म्हणजे व्यापारी नव्हे, तर दुसऱ्याच्या गलबतावर बसून जाणारा उतारू. पुढच्या काळात दूरदेशीच्या मालाचा व्यापार करणारा, असा अर्थ त्याला आला. गावात बसून किरकोळ विक्री करणाऱ्या दुकानदाराला ग्रीक लोक ‘कापेलोस’ असे वेगळे नाव देत. एम्पोरोस जेथे उतरतो आणि व्यवहार करतो, ते ‘एम्पोरियोन’.

अथेन्सच्या पिरेयस बंदरात अशा एम्पोरियोनसाठी वेगळी जागा आखलेली होती. तिच्या हद्दीचे कोरीव दगड सापडले आहेत, आणि तिच्यावर देखरेख ठेवणारे अधिकारी नेमले जात. परक्या माणसाने येथे उतरावे, जकात भरावी, माल विकावा, तंटा झाल्यास दाद मागावी, अशी ही व्यवस्था होती. म्हणजे मालाच्या ढिगाऱ्याने एम्पोरियम होत नाही. परक्याला निर्धास्तपणे येता, थांबता आणि परत जाता येईल, या हमीने ते होते. हाच या शब्दाचा गाभा होय असे आम्हांस वाटते.

आपल्या पवित्र ग्रंथाशीही या शब्दाची गाठ पडलेली आहे. यहेज्केल संदेष्ट्याच्या ग्रंथातील २७ व्या अध्यायात सोर नगरीच्या व्यापाराचे विस्तृत वर्णन आहे. तिसऱ्या वचनात तिला अनेक लोकांशी व्यापार करणारी, अशा अर्थाने ‘रोखेलेत’ म्हटले आहे. ग्रीक भाषांतरकारांनी त्या ठिकाणी ‘एम्पोरियोन’ हाच शब्द योजिला. व्यापाऱ्याला हिब्रूत दुसरा शब्द आहे ‘सोहेर’. त्याच्या धातूचा अर्थ फिरणे, भ्रमण करणे असाच आहे. आणि ‘शूक’? शीर हश्शिरीम व कोहेलेत या ग्रंथांत शूक म्हणजे बाजार नसून रस्ता आहे. प्राचीन बाबेलच्या अक्कादी भाषेतील ‘सूकू’ या शब्दाचा अर्थही रस्ताच. थोडक्यात, ग्रीकांनी वाटेवरून बाजाराचे नाव पाडले, आणि आपल्या पूर्वजांनीही तेच केले.

आता कोकणाकडे वळू. इसवी सनाच्या पहिल्या शतकाच्या मध्यास इजिप्तमधील एका ग्रीक भाषिक व्यापाऱ्याने तांबडा समुद्र ते हिंदुस्थान या जलमार्गाची माहिती लिहून ठेविली. ‘पेरिप्लस’ नावाने हा लहानसा ग्रंथ प्रसिद्ध आहे. भडोच बंदराच्या दक्षिणेस येणाऱ्या बंदरांची त्याने यादी दिली आहे. तीत सोपारा आहे, ‘कल्लियेना’ म्हणजे कल्याण आहे, आणि ‘सेमिल्ला’ म्हणजे आपले चेऊल, ज्याला आज चौल म्हणतात, तेही आहे. या बंदरांना तो एम्पोरियोन म्हणतो. कान्हेरीच्या लेण्यांत ज्यांच्या दानांचे लेख कोरलेले आहेत, त्यांत कल्याण, सोपारा आणि ‘चेमूल’ येथील लोक आहेत. चेमूल हेही चेऊलचेच जुने नाव.

कल्याणविषयी पेरिप्लसकाराने दिलेली हकीकत मोठी उद्बोधक आहे. पूर्वीच्या एका राजाच्या अमदानीत ते कायदेशीर मान्यता असलेले एम्पोरियोन होते. पुढे ते दुसऱ्याच्या हाती गेले आणि त्याची कोंडी झाली. तेथे चुकून लागलेली ग्रीक गलबते पहाऱ्यात भडोचला नेली जाऊ लागली. खाडी तीच होती, धक्का तोच होता, घाटावरून बैलांच्या पाठीवरून उतरणारा मालही तोच होता. गेला तो परक्याचा भरवसा, आणि त्याबरोबर एम्पोरियोनही गेले.

आपल्या देशी भाषांना ही कल्पना अपरिचित नव्हती. संस्कृतात ‘पुटभेदन’ असा एक सुंदर शब्द आहे. पुट म्हणजे मालाची बांधलेली गाठोडी आणि भेदन म्हणजे ती फोडणे. जेथे दूरची गाठोडी सोडली जातात, ते पुटभेदन. पाली ग्रंथांत पाटलिपुत्राला हे विशेषण लाविले आहे, आणि अमरकोशात तो नगरवाचक शब्दांत येतो. ग्रीकाने माणसाची वाटचाल पाहिली, आपल्याकडील मंडळींनी गाठोडे सुटताना पाहिले. मराठीत आज एम्पोरियमच्या जुन्या अर्थासाठी ‘व्यापारपेठ’ हा शब्द पुरेसा आहे. दुकानासाठी मात्र ‘एम्पोरियम’च रूढ झाला आहे, तो तसाच राहू द्यावा.

चेऊलच्या बंदरावर आखाताकडील लोकांची वस्ती किती होती, हे दहाव्या शतकातील अरब लेखक अल-मसूदी याच्या लिखाणावरून कळते. तो सन ९१६ च्या सुमारास तेथे येऊन गेला होता. या गावाला तो ‘सैमूर’ म्हणतो. सिराफ, ओमान, बसरा आणि बगदाद येथून आलेले मुसलमान तेथे घरे करून राहिले होते, आणि त्या वस्तीचा आकडा त्याने सुमारे १०,००० दिला आहे. मोसमी वाऱ्याच्या आधाराने गलबते चालत, त्यामुळे अनुकूल वारा सुटेपर्यंत व्यापाऱ्याला महिनोन्‌महिने थांबावेच लागे. चालत आलेला माणूस अशा रीतीने उभा राही, आणि उभा राहिलेला पुष्कळदा तेथलाच होऊन जाई.

‘उभा राहणे’ या शब्दाने आपण पुन्हा दोह्याच्या बाजारात येऊन पोहोचतो, कारण अरबीत ‘वाकिफ’ म्हणजे उभा असलेला. मुशेरीब नावाच्या ओढ्याच्या काठी हा बाजार भरत असे. वाळवंटातील बेदूविन लोक लोकर, तूप व जनावरे घेऊन येत, आणि समुद्राकडून इतर माल येई. पाणी चढले की बसावयास कोरडी जागा उरत नसे, म्हणून विक्रेते उभ्यानेच विक्री करीत, अशी नावाची उपपत्ती सांगतात. याच धातूपासून ‘वक्फ’ हा शब्द झाला. धर्मकार्यासाठी थांबवून ठेवलेली, म्हणजे विक्रीतून काढलेली मालमत्ता, असा त्याचा अर्थ. याच धातूतून फारसीच्या वाटेने मराठीत ‘वाकबगार’ आला. एखाद्या गोष्टीपाशी जो उभा राहिला, त्याला ती ठाऊक झाली. सूक वाकिफमध्ये हातगाडीवर गिऱ्हाइकांचे सामान वाहून नेणाऱ्यांना ‘हमाली’ म्हणतात. भाऊच्या धक्क्यावर ज्यांनी ‘हमाल’ अशी हाक मारली आहे, त्यांना या शब्दाचा अर्थ विचारावा लागणार नाही.

या बाजाराचा आणि मुंबईचा संबंध केवळ शब्दांचा नव्हता. आखातातील मोती एकोणिसाव्या व विसाव्या शतकाच्या आरंभी प्रामुख्याने मुंबईच्या बाजारात येत, आणि तेथून तांदूळ, कापड, लाकूड आखातात जाई. १९२० नंतर जपानी कृत्रिम संवर्धनाचे मोती बाजारात आले, १९२९ ची जागतिक मंदी आली, आणि कतारचा हा धंदा बुडाला. खनिज तेलाची निर्यात १९४९ साली सुरू होईपर्यंत तेथील लोकांनी फार हलाखी सोसली. तेथील बाजारात हिंदुस्थानी रुपया चालत असे. १९५९ साली भारताने आखातासाठी वेगळा रुपया काढला आणि १९६६ साली कतारने तोही सोडला.

तेलाच्या पैशाबरोबर नव्या इमारती उठल्या, भराव घालून समुद्र मागे लोटला गेला, आणि जुना बाजार मोडकळीस आला. २००३ साली आग लागून त्याचा मोठा भाग जळाला. त्यानंतर कतारी चित्रकार मोहम्मद अली अब्दुल्ला यांच्या देखरेखीखाली २००४ ते २००८ या काळात त्याची पुनर्रचना झाली. नव्या धर्तीच्या इमारती काढून टाकल्या, आणि पत्र्यांच्या जागी लाकूड व बांबूची छपरे घातली. आज गलबते तेथे लागत नाहीत. जुन्या अर्थाने ते एम्पोरियम राहिले नाही, असे कोणी म्हटल्यास आम्ही वाद घालणार नाही. परंतु परका माणूस तेथे येतो, थांबतो आणि सुखाने परत जातो, एवढा या शब्दाचा गाभा तेथे टिकला आहे.

आता शेवटचा आणि आपल्याला जवळचा मुद्दा. आपल्या परंपरेप्रमाणे आपले पूर्वज चेऊलपासून जवळच नवगावच्या किनाऱ्यावर गलबत फुटून आले. सात पुरुष आणि सात स्त्रिया वाचल्या. चेऊल हे प्रसिद्ध एम्पोरियम होते, यावरून आपले पूर्वज मोठे सागरी व्यापारी असले पाहिजेत, असे अनुमान आपल्यापैकी काही मंडळी अभिमानाने काढतात. हे अनुमान करताना जपावे, अशी आमची विनंती आहे. बंदराची कीर्ती ही तेथे उतरलेल्या प्रत्येकाच्या धंद्याचा पुरावा होत नाही. कोकणात आपल्या वाडवडिलांनी पिढ्यान्‌पिढ्या केले ते तेलाचे घाणे चालविण्याचे काम, आणि लोक त्यांना ‘शनवार तेली’ म्हणत. ग्रीकांच्या भाषेत बोलायचे तर ते एम्पोरोस नव्हते, आपल्या गावाला तेल पुरविणारे स्थिर कारागीर होते. त्यात कमीपणा काहीच नाही. शनिवारी घाणा बंद ठेवून त्यांनी जे राखले, ते कोणत्याही व्यापारी नफ्याहून मोठे होते.

मात्र एम्पोरोसचा होमरच्या काळचा, सर्वांत जुना अर्थ त्या चौदा जणांना चपखल लागू पडतो. दुसऱ्याच्या गलबतावरचा उतारू! ते वाटेला लागले आणि किनाऱ्यावर उभे राहिले. पुढे ज्या गावी ते राहिले त्या गावाचे नाव त्यांनी धारण केले. किहीमचे केहीमकर झाले, दिव्याचे दिवेकर झाले, चेऊलचे चेऊलकर झाले. कातालोनियातील ग्रीकांचे एम्पोरियोन ओसाड झाले, पण आसपासच्या मुलखाचे ‘एम्पोर्दा’ हे नाव अद्याप त्याची आठवण देते. चेऊलचे बंदर गेले, खाडी गाळाने भरली. त्याचे नाव आज इस्राएलमधील घरांच्या दारांवर आहे.

तेव्हा दारावरील आडनाव मुलांना केवळ वाचता येऊन भागणार नाही. ते कोठल्या किनाऱ्याचे आहे आणि तेथे आपले पूर्वज काय करीत होते, हे घरोघरी वडीलधाऱ्यांनी त्यांना खरेखुरे सांगावे. वाढवून सांगू नये, आणि लाजून लपवूही नये. आपल्या नावाशी मुले वाकिफ असावीत, एवढेच आमचे मागणे आहे.