दंडकारण्य : आश्रिताचे आणि रहिवाशाचे

'दंडकारण्य' हे नाव मराठी वाचकाला रामायणातून परिचित आहे. तिथे ते वनवासाला आलेल्या नायकाचे अरण्य आहे. मूळचे रहिवासी कथेच्या कडेला उभे असतात. विसाव्या शतकात एका सशस्त्र संघटनेने आपल्या कार्यक्षेत्राला हेच नाव दिले, आणि तिच्या इथल्या इतिहासाची सुरुवातही वनवासानेच झाली.

१९७८ साली करीमनगर जिल्ह्यातील जगतियाल आणि सिरसिल्ला भागांत शेतमजूर जमीनदारांविरुद्ध उठले. त्याच वर्षी आंध्र सरकारने हा टापू 'अशांत क्षेत्र' म्हणून जाहीर केला आणि कार्यकर्त्यांना गावात राहणे अशक्य झाले. एप्रिल १९८० मध्ये कोंडापल्ली सीतारामय्या यांनी 'पीपल्स वॉर' गट स्थापन केला. पुढच्या काही महिन्यांत पाच-सात जणांच्या तुकड्या गोदावरी आणि प्राणहिता ओलांडून जंगलात शिरल्या. मैदानातील लढ्याला माघारीसाठी जागा हवी होती. म्हणजे हे अरण्य प्रथम निवडले गेले ते आसरा म्हणून. नोव्हेंबर १९८० मध्ये बेल्लमपल्लीच्या कोळसापट्ट्यातून आलेला पेद्दी शंकर सिरोंचा भागात पोलिसांच्या गोळीला बळी पडला. तेव्हा गडचिरोली जिल्हा जन्मालाही आला नव्हता. चंद्रपूरमधून तो वेगळा झाला २६ ऑगस्ट १९८२ रोजी.

परक्यांना हा आसरा का मिळाला? वनरक्षकाची वसुली, तेंदूपानाच्या पुड्याला मिळणारा तुटपुंजा भाव, बांबूतोडीची मजुरी हे माडिया-गोंडांचे रोजचे प्रश्न होते. आलेल्यांनी ते हाती घेतले, गोंडी शिकून घेतली, दर वाढवून घेतले. तेलुगूतला 'दलम' हा शब्द मराठी वृत्तपत्रांत रुळला तो याच काळात.

परंतु आश्रिताचे युद्ध हळूहळू यजमानाच्या घरात शिरले. दलमांत स्थानिक मुलेमुली भरती झाली. १९९० साली उभारलेल्या 'सी-६०' पथकातही स्थानिक तरुणच घेतले गेले. खबऱ्या ठरवून गावकऱ्यांना मारले गेले. दलमला जेवण दिले म्हणून गावकऱ्यांना पोलिसांचा जाच सोसावा लागला. ऑक्टोबर २००९ मध्ये लाहेरीजवळ १७ पोलीस पडले. एप्रिल २०१८ मध्ये बोरिया-कसनासूर परिसरात जवळपास ४० नक्षलवादी मारले गेले. ही यादवी होती, हे तेव्हा फार थोड्यांनी म्हटले.

ऑक्टोबर २०२५ मध्ये मल्लोजुला वेणुगोपाल राव यांनी साठ साथीदारांसह गडचिरोलीत शस्त्रे खाली ठेवली. तेही मूळचे करीमनगरकडचेच, पेद्दपल्लीचे. पंचेचाळीस वर्षांपूर्वी नदी ओलांडून सुरू झालेला वनवास तिच्या याच काठावर संपत आला.

या काळाविषयीच्या लेखनात नेत्यांच्या भूमिका आणि सरकारी निवेदने आपल्याला विपुल सापडतात. ज्यांच्या अंगणात हे सारे घडले, त्या माडिया-गोंडांचे कथन मात्र मराठीत अजून विरळच आहे. वनवासी परततो तेव्हा महाकाव्य संपते. रहिवाशाला परतायला दुसरी जागा नसते. इतिहासलेखनाने आपली सुरुवात तिथून करायला हवी.