हिंगोलीचा काळा पाषाण आणि वॉशिंग्टनचा ज्वालामुखी

१/७
ज्वालामुखी म्हटले की धूर ओकणारा शंकूच्या आकाराचा पर्वत डोळ्यांसमोर येतो. हिंगोली जिल्ह्यात असा एकही पर्वत नाही. तरीही येथील भूमी ज्वालामुखीनेच घडवली आहे. हे कोडे उलगडते ते अमेरिकेच्या वॉशिंग्टन राज्यात.

२/७
त्या राज्याच्या पश्चिम भागात माउंट सेंट हेलेन्स हा पर्वत आहे. १८ मे १९८० रोजी त्याचा स्फोट झाला. ५७ माणसे मृत्युमुखी पडली आणि शिखराची उंची सुमारे ४०० मीटरने घटली.

३/७
पूर्व भागात मात्र असे शिखर नाही. सुमारे १.७ कोटी वर्षांपूर्वी तेथे जमिनीला लांबच लांब भेगा पडल्या. त्यांतून निघालेला पातळ लाव्हारस पुरासारखा पसरला, थरावर थर गोठत गेले आणि कोलंबिया नदीच्या खोऱ्यातील बेसाल्टचे पठार तयार झाले.

४/७
दख्खनचे पठार याच दुसऱ्या प्रकारचे, पण वयाने सुमारे चौपट: ६.६ कोटी वर्षांचे. आजही ते सुमारे ५ लाख चौरस किलोमीटरवर पसरलेले आहे. औंढ्याभोवतालचे डोंगर म्हणजे ज्वालामुखीची मुखे नव्हेत. थरांची झीज होऊन उरलेले ते अवशेष आहेत.

५/७
कापूस पिकवणारी काळी माती या खडकाच्याच झिजेतून आली. पाण्याची चणचणही त्याचीच देणगी. घट्ट पाषाणात पाणी मुरत नाही. ते भेगांत आणि वरच्या मुरमात साठते. म्हणूनच एका शेतातील विहीर भरलेली, तर शेजारची कोरडी, असे घडते.

६/७
यादवकाळातील शिल्पकारांनी याच काळ्या पाषाणातून औंढा नागनाथाचे मंदिर घडवले. संत नामदेवांच्या कीर्तनासाठी हे देऊळ फिरले, अशी वारकऱ्यांची श्रद्धा आहे.

७/७
१४ सप्टेंबर २०१५ रोजी गुरुत्वीय लहरी प्रथम टिपणाऱ्या दोन वेधशाळांपैकी एक हॅनफर्डची; ती पूर्व वॉशिंग्टनच्या त्याच पठारी प्रदेशात आहे. तिची भारतीय बहीण ‘लायगो-इंडिया’ औंढा तालुक्यातील दुधाळा येथे उभी राहणार आहे. एप्रिल २०२३ मध्ये केंद्र सरकारने त्यासाठी सुमारे २,६०० कोटी रुपये मंजूर केले. काटकोनात पसरणाऱ्या तिच्या ४ किलोमीटर लांबीच्या दोन भुजांना भूमीची सूक्ष्म थरथरही बाधते. एके काळी लाव्हारसाच्या पुराखाली बुडालेली ही भूमी आज निवडली गेली, ती तिच्या शांततेसाठी.